ईर्षा घरी ठेवून २१ किलोमीटर : कोल्हापूरकरांसाठी अर्ध मॅरेथॉनची तयारी

माझ्या पहिल्या अर्ध मॅरेथॉनमध्ये चौदाव्या किलोमीटरला मी फुटपाथच्या कडेवर बसलो होतो. दोष पायांचा नव्हता, पेठेचा होता. सुरुवातीच्या कमानीखाली शेजारी गल्लीतलाच एक मित्र येऊन उभा राहिला आणि पहिले पाच किलोमीटर आम्ही दोघं असे पळालो, की जणू पलीकडच्या तालमीची पोरं कट्ट्यावर बसून बघायला लागलीत. पाच किलोमीटर सत्तावीस मिनिटांत हाणले. सरावात तेवढ्यालाच मला तेहेतीस मिनिटं लागायची. तो बाराव्याला संपला, मी चौदाव्याला. उरलेलं अंतर दोघं मिळून चालत आलो. वाटेत पाणी वाटणाऱ्या शाळेच्या पोरींनी आमच्यासाठी टाळ्या वाजवल्या, तेव्हा खाली मान घालून पाणी प्यालो.

कोल्हापूरकराला ताकदीचं किंवा जिद्दीचं काही शिकवायला नको. खासबागेच्या मैदानापासून शाहू स्टेडियमच्या फुटबॉलपर्यंत ईर्षेवरच आपलं सगळं चालतं. पण कुस्तीचा निकाल काही मिनिटांत लागतो आणि ही शर्यत दोन-अडीच तास चालते. इथं ईर्षा पहिल्या पाच किलोमीटरमध्ये वापरली की शेवटचे सहा कोणीतरी वसूल करून घेतं. त्यामुळं या लेखात पळायचं कसं यापेक्षा हळू पळायचं कसं, हेच जास्त सापडेल.

अंतर आणि तुमचा वेळ

अर्ध मॅरेथॉन म्हणजे २१.०९७५ किलोमीटर. ४२.१९५ च्या बरोबर निम्मे. हा विचित्र आकडा १९०८ च्या लंडन ऑलिंपिकमधला आणि तो कायमचा ठरला १९२१ साली. मधल्या काळात अंतर कमीजास्त असायचं. आपल्या शेजारच्या बेळगावचे फडेप्पा चौगुले १९२० च्या अँटवर्प ऑलिंपिकमध्ये मॅरेथॉन पळून एकोणिसावे आले, तेव्हाचं अंतर आजच्यापेक्षा अर्धा किलोमीटर जास्तच होतं.

घड्याळावर मात्र अंतर २१.३ किंवा २१.४ दिसेल. लगेच आयोजकांना शिव्या घालू नका. प्रमाणित मार्ग खास मीटर लावलेल्या सायकलवरून मोजतात, वळणांवर शक्य तितक्या आतल्या बाजूनं. वर अंतर चुकून कमी भरू नये म्हणून किलोमीटरमागे एक मीटर जास्त धरतात. आपण गर्दीतून वाट काढत, वळणांवर बाहेरून पळतो, तिथं दोनतीनशे मीटर सहज वाढतात.

तुम्हाला किती वेळ लागेल याचा एक चांगला ठोकताळा आहे. दहा किलोमीटर मनापासून पळून वेळ घ्या आणि त्याला २.२ नं गुणा. दहाला ६८ मिनिटं लागत असतील तर २१ ला साधारण अडीच तास. पहिल्यांदाच पळत असाल तर वर पाच-दहा मिनिटं धरा. किलोमीटरमागचा वेग असा पडतो: तीन तासांसाठी ८ मिनिटं ३२ सेकंद, अडीच तासांसाठी ७ मिनिटं ६ सेकंद, सव्वादोन तासांसाठी ६ मिनिटं २४ सेकंद, दोन तासांसाठी ५ मिनिटं ४१ सेकंद. तुमच्या शर्यतीची वेळमर्यादा किती, हे पैसे भरायच्या आधी वाचा. बऱ्याच ठिकाणी ती तीन ते साडेतीन तास असते आणि त्यानंतर रस्ता वाहनांना मोकळा करतात.

नोंदणी करण्यापूर्वी

चाळिशी ओलांडली असेल, साखर किंवा रक्तदाब असेल, तंबाखू-सिगारेट असेल किंवा घरात कुणाला कमी वयात हृदयविकार झाला असेल, तर आधी डॉक्टरांकडं जा. ईसीजी काढा, आणि डॉक्टर म्हणाले तर स्ट्रेस टेस्टही करा. 'मी रोज रंकाळ्याला फिरतो की' हे उत्तर इथं चालत नाही. चालताना हृदयावर पडणारा ताण आणि दोन तास पळतानाचा ताण यांत फार फरक आहे.

दुसरी अट म्हणजे आज न थांबता, रमतगमत का होईना, पाच किलोमीटर पळता आलं पाहिजे. येत नसेल तर खालच्या सोळा आठवड्यांच्या अलीकडं आणखी दोन महिने जोडा. त्या काळात एक मिनिट पळा, दोन मिनिटं चाला, असं अर्धा तास, आठवड्यातून तीनदा. दर आठवड्याला पळण्याचा तुकडा थोडा वाढवा. यात कमीपणा काही नाही. मी ओळखतो त्यातली सगळ्यात टिकाऊ पळणारी माणसं अशीच सुरू झालेली आहेत.

आता कॅलेंडर. आपल्याकडच्या बहुतेक शर्यती थंडीत, डिसेंबर ते फेब्रुवारी. जानेवारीतली शर्यत धरली तर सोळा आठवडे मागं मोजल्यावर सुरुवात येते सप्टेंबरअखेरीस किंवा ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात. म्हणजे घटस्थापनेच्या आसपास. परतीचा पाऊस असतो, पण सकाळी पळता येतं. मध्ये दिवाळी येते. फराळ खा, फक्त रविवार चुकवू नका.

बूट

यावर लोक तासन्‌तास बोलतात, पण दोन मिनिटांचा विषय आहे. पळण्याचेच बूट घ्या, चालण्याचे किंवा बॅडमिंटनचे नकोत. संध्याकाळी खरेदीला जा, कारण दिवसभरात पाय थोडे सुजतात. अंगठ्याच्या पुढं बोटभर जागा हवी. दुकानात चार पावलं पळून बघा आणि जो बूट जाणवत नाही तो घ्या. महागाचा म्हणजे चांगला असं नाही. ५०० ते ८०० किलोमीटरनंतर त्यातली गादी बसते. मोजे सुती नकोत, घामानं ओले होऊन फोड आणतात. शर्यतीसाठी नवा बूट काढायचा नाही. लग्नात नवी कोल्हापुरी चप्पल घालून मिरवलेल्याला याचं कारण सांगावं लागत नाही.

कुठं पळायचं

सपाट, उजेडाचा आणि सोबत असलेला रस्ता हवा असेल तर रंकाळा. पहिले दोन महिने इथंच काढा. पूर्ण फेरा एकदा स्वतःच्या घड्याळावर मोजून ठेवा, मग किती फेरे मारले यावरून अंतर कळतं आणि मोबाइलकडं बघावं लागत नाही. दोन अडचणी आहेत. साडेसहानंतर फिरणाऱ्यांची गर्दी होते आणि चार-चार जण हातात हात घालून रस्ताभर चालतात. त्यांच्यावर चिडून उपयोग नाही, साडेपाचला या. दुसरं म्हणजे, फरशीवर सारखं पळून नडग्या दुखायला लागतात. आठवड्यातला एक दिवस मातीवर काढा. तपोवन मैदान त्यासाठी चांगलं आहे.

शिवाजी विद्यापीठाचा परिसर हे कोल्हापूरच्या पळणाऱ्यांचं खरं सुख आहे. झाडं, कमी वाहनं, आणि मुख्य म्हणजे सौम्य चढ-उतार. सपाटीवर तयारी केलेल्या माणसाची मांडी पहिल्या उड्डाणपुलावर बोलते. विद्यापीठात पळणाऱ्याची बोलत नाही. तिथल्या वेळा आणि गेटचे नियम पाळा, विद्यार्थ्यांच्या वाटेत येऊ नका.

चढाचा सराव वेगळा करायचा असेल तर टेंबलाई टेकडीचा चढ पुरेसा आहे. एक मिनिट चढ पळायचा, उतार चालत यायचं, असं सहा वेळा. पन्हाळ्याचा मोह सगळ्यांना होतो. वाघबिळापासून वर पळत जाऊन फोटो टाकणं हा आपल्याकडं एक संस्कारच आहे. जा, पण तयारीच्या मधल्या काळात एकदा, आणि उतरताना गाडीत बसून या. चढानं छाती भरते, पण पाय मोडतो तो उतारानं.

लांब अंतरासाठी फुलेवाडी-बालिंग्याकडं, म्हणजे गगनबावडा रस्त्यानं, बरेच जण जातात. हवा छान, शेतं, गुऱ्हाळाचा वास. पण नोव्हेंबरपासून कारखाने सुरू होतात आणि पहाटेच्या अंधारात उसानं भरलेल्या दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर याच रस्त्यांवर असतात. मागं दिवा असेलच असं नाही, आणि ऊस ट्रॉलीच्या दोन्ही बाजूंनी हातभर बाहेर आलेला असतो. अशा रस्त्यावर समोरून येणारी वाहनं दिसतील अशा बाजूनं, म्हणजे उजव्या कडेनं पळा. चकाकणाऱ्या पट्ट्यांचं जाकीट घाला, कानात काही घालू नका, आणि उजाडल्याशिवाय शहराबाहेर पडू नका. पुणे-बंगळूर महामार्गाचा विचारही नको.

रस्ता मध्ये उंच आणि कडेला उतरता असतो. रोज एकाच कडेनं पळालात तर एक पाय कायम खाली राहतो आणि महिन्याभरात गुडघ्याची बाहेरची बाजू ओरडायला लागते. म्हणून अधूनमधून विद्यापीठ, मैदान असं बदलत राहा.

कुत्री हा पहाटेचा खरा प्रतिस्पर्धी. अंगावर आली तर पळू नका. थांबा, त्यांच्या डोळ्यांत न बघता हळूहळू चालत निघून जा. बहुतेक वेळा एवढ्यावर मिटतं.

हळू म्हणजे किती हळू

आठवड्यातलं तीन-चतुर्थांशापेक्षा जास्त पळणं इतकं सावकाश असलं पाहिजे, की शेजारच्याशी पूर्ण वाक्यात बोलता येईल. 'काल मॅच बघितलीस का, शेवटची ओव्हर काय टाकली' एवढं एका दमात म्हणता आलं तर वेग बरोबर आहे. 'हो... बघितली... नं...' असं तुटक व्हायला लागलं तर जास्त आहे. घड्याळातले नाडीचे आकडे आणि २२० उणे वय हे सूत्र याच्यासमोर फिके आहेत. ते सूत्र सरासरीचं आहे, तुमचं नाही.

याचं कारण असं. दम लवकर सुधारतो, महिन्याभरात फरक जाणवतो. पण टाचेवरची कंडरा, गुडघ्याभोवतीचे बंध आणि नडगीचं हाड यांना नव्या भाराची सवय व्हायला काही महिने लागतात. नवशिक्याची छाती तयार असते, पाय नसतात, आणि नेमकं तेव्हाच तो वेग वाढवतो. शिवाय सावकाश पळण्यानंच स्नायूंत बारीक रक्तवाहिन्यांचं जाळं वाढतं आणि शरीर चरबी जाळायला शिकतं. वेगानं पळताना शरीर मुख्यतः साठवलेली साखर वापरतं. स्नायू आणि यकृतातला तो साठा जोरात पळताना दीड-दोन तास पुरतो. तुमची शर्यत त्याहून लांब आहे. चौदाव्या किलोमीटरला मी बसलो ते त्यामुळंच.

आपल्याकडं हळू पळायला सगळ्यात मोठी अडचण शरीराची नसून लोकांची असते. शेजारून कुणीतरी झपकन जातो, मागून ओळखीचा ओरडतो, "काय भावा, फिरायला आलाईस का पळायला?" हसा आणि जाऊ द्या. मी तर पहिले सहा आठवडे पाच वाजता बाहेर पडायचो, कुणी बघू नये म्हणून.

वेगाचं काम आठवड्यातून एकदाच, तेही सातव्या आठवड्यापासून. दहा मिनिटं सावकाश, मग पंधरा ते वीस मिनिटं अशा वेगानं की एखादा शब्दच बोलता येईल, मग पुन्हा दहा मिनिटं सावकाश. याला पळणारी मंडळी टेम्पो म्हणतात. चारचाकी टेम्पोशी त्याचा संबंध नाही, पण तसंच एका लयीत, न थांबता जायचं असतं.

सोळा आठवडे

मंगळवार: पाच-सहा किलोमीटर सावकाश.
गुरुवार: पाच ते आठ किलोमीटर; सातव्या आठवड्यापासून टेम्पो.
शनिवार: तीन-चार किलोमीटर सावकाश, किंवा नुसतं चालणं.
रविवार: लांब पळणं.
सोमवार आणि शुक्रवारी वीस मिनिटं ताकदीचा व्यायाम. बुधवारी काही नाही.

रविवारची अंतरं किलोमीटरमध्ये अशी: ६, ७, ८, ६, मग ९, १०, १२, ८, मग १३, १४, १६, ११, शेवटी १७, १८, १० आणि सोळाव्या रविवारी शर्यत. दर चौथ्या आठवड्याला अंतर मुद्दाम उतरवलं आहे. त्या आठवड्यात 'अंगात दम आहे, चांगलं वाटतंय' म्हणून वाढवू नका. चांगलं वाटावं म्हणूनच तो आठवडा आहे.

पूर्ण २१ सरावात पळायची गरज नाही. १८ जमले की उरलेले तीन गर्दी आणि टाळ्या काढून देतात. दोन आठवडे राहिले असताना २१ पळून 'खात्री' करून घेणारे दरवर्षी दिसतात, आणि त्यातले बरेच जण शर्यतीच्या दिवशी गुडघ्याला पट्टा बांधून कमानीजवळ उभे असतात.

एखादा आठवडा आजारपणात किंवा लग्नसराईत गेला तर पुढच्या आठवड्यात तो भरून काढू नका. जिथं सोडलं तिथून एक पायरी खाली सुरू करा. दोनपेक्षा जास्त आठवडे गेले तर दहा किलोमीटरच्या गटात नाव घाला. ताप असताना पळायचं नाही, ताप गेल्यावरही दोन-तीन दिवस नाही.

दुखणं ओळखायला एक साधी खूण आहे. दुखण्यामुळं तुमची चाल बदलत असेल, म्हणजे लंगडावं लागत असेल, तर त्या दिवशी थांबा. दोन्ही मांड्या सारख्याच भरून आल्या असतील तर ते कष्टाचं आहे, दोन दिवसांत जाईल. एकाच जागी, बोट ठेवून दाखवता येईल असं हाडावरचं दुखणं असेल तर डॉक्टर गाठा. सकाळी अंथरुणातून पहिलं पाऊल टाकताना टाच टोचत असेल तर पोटऱ्या ताणायला लागा आणि घरात अनवाणी फिरणं बंद करा. वेदनाशामक गोळी घेऊन पळणं सगळ्यात वाईट. दुखणं झाकलं जातं आणि घामानं पाणी कमी झालेल्या शरीरात त्यातल्या काही गोळ्या मूत्रपिंडावर ताण आणतात. शर्यतीच्या सकाळी तर त्यांना हातच लावू नका.

तालमीतलं काय घ्यायचं

बैठका घ्या, जोर कमी घ्या. पळणाऱ्याला मांडी, कुल्ले, पोटरी आणि पोट यांची ताकद लागते. वीस-वीस बैठकांचे तीन फेरे, एका पायावर उभं राहून टाच उचलणं प्रत्येकी पंधरा, पायरीवर चढ-उतार, आणि कोपरांवर शरीर फळीसारखं धरून तीस ते साठ सेकंद. एवढं आठवड्यातून दोनदा पुरतं. शर्यतीच्या आठवड्यात बैठका बंद. दोनशे बैठका मारणारे एक जुने वस्ताद आमच्यासोबत पळायला यायचे. त्यांच्या मांड्या पाहून आम्ही दबायचो, पण सहा किलोमीटरनंतर ते मागं राहायचे. फुगलेला स्नायू वाहून न्यायलाही ताकद लागते. अर्थात चढावर त्यांनी आम्हाला कधी पुढं जाऊ दिलं नाही, ते वेगळं.

खाणं आणि पाणी

तासाभरापर्यंतच्या पळण्याला आधी विशेष काही खायची गरज नाही. केळं किंवा दोन खजूर पुरे. तासापेक्षा जास्त असेल तेव्हा शर्यतीतलं खाणं सरावात करून बघा. दीड तासापुढच्या पळण्यात तासाला ३० ते ६० ग्रॅम कर्बोदकं पोटात जावीत असा सर्वसाधारण हिशेब आहे. एका मध्यम केळ्यात पंचवीसेक ग्रॅम, बाजारात मिळणाऱ्या, पळताना चोखायच्या गोड जेलच्या एका पाकिटात साधारण २० ते २५, आणि सुपारीएवढ्या गुळाच्या खड्यात आठ-दहा. जेल पचत नसेल तर आपला गूळ चांगला आहे, फक्त सोबत पाणी हवं, नाहीतर घशात अडकतो. मी प्लॅस्टिकच्या छोट्या पुडीत मीठ लावलेले गुळाचे खडे बांधून नेतो. पोरं हसतात, पण अठराव्या किलोमीटरला मागतात.

पाणी तहान लागली की प्या. उगाच प्रत्येक टेबलावर दोन-दोन ग्लास ढोसलेत तर रक्तातलं मीठ पातळ होतं, डोकं दुखतं, मळमळतं, आणि प्रकरण दवाखान्यापर्यंत जाऊ शकतं. लांब पळण्यात पाण्याबरोबर ओआरएस घ्या, पाकिटावर लिहिलंय तेवढ्याच पाण्यात कालवून.

शर्यतीच्या आदल्या रात्री तांबडा-पांढरा नाही. मिसळ नाही. वाईट वाटतं हे लिहायला, पण तिखट-तेल-चोथा रात्रीतून पचत नाही आणि सकाळी सहा वाजता रस्त्यात सोय नसते. वरण-भात, मऊ खिचडी, दही-भात, बटाट्याची साधी भाजी-चपाती असं आठच्या आत जेवून घ्या. पैलवानांची बदामाची थंडाईसुद्धा नंतरसाठी ठेवा. तिच्यात स्निग्धांश भरपूर असतो आणि पोट जड होतं.

शेवटचा आठवडा

पळणं निम्म्यावर आणा. मंगळवारी चार किलोमीटर, गुरुवारी तीन, त्यातले शेवटचे पाचशे मीटर शर्यतीच्या वेगानं. बाकी झोप. आदल्या रात्री झोप येणार नाही, कुणालाच येत नाही. गुरुवार-शुक्रवारची झोप कामाला येते. नखं चार दिवस आधी कापा, आदल्या दिवशी नको. बिब, म्हणजे छातीवर लावायचा नंबरचा कागद, टी-शर्टवर आदल्या रात्रीच चार पिनांनी लावा. वेळ मोजणारी चिप बहुधा बिबच्या मागंच चिकटवलेली असते, ती दुमडू नका. बिबच्या मागं रक्तगट आणि घरच्यांचा नंबर लिहायची जागा असते. ती भरा. दुसऱ्याच्या बिबवर पळू नका. काही झालं तर डॉक्टरांपुढं भलत्याच माणसाचा कागद असतो.

शर्यतीची सकाळ

साडेसहाला सुरुवात असेल तर चारला उठा. दोन-अडीच तास आधी खा: केळं, ब्रेड-जॅम किंवा गूळ-चपाती, थोडा चहा. सरावात जे खाल्लं तेच. काखेत, मांड्यांच्या आतल्या बाजूला आणि पुरुषांनी छातीवर व्हॅसलीन लावा. पांढऱ्या टी-शर्टवर दोन लाल रेघा घेऊन येणारे गडी पाहिले असतील तर कारण कळलं असेल. बायकांनी सरावातलीच स्पोर्ट्‌स ब्रा वापरावी. पाळी त्या दिवसांत येणार असेल तर एखादा लांब रविवार पाळीच्या दिवसांत पळून बघा, म्हणजे कमानीखाली नव्या काळज्या नसतात.

स्वच्छतागृहाची रांग मोठी असते, तासभर आधी पोचा. थंडीत आपल्याकडं पहाटे हुडहुडी भरते, तेव्हा एखादा जुना शर्ट अंगावर ठेवा. तोंड थरथरतं म्हणून जास्त कपडे घालून मात्र पळू नका, तिसऱ्या किलोमीटरला ते ओझं होतात. दहा मिनिटं भरभर चालणं, पाय झुलवणं, थोडं पळणं एवढा वॉर्म-अप पुरे. कमानीजवळ पुढं घुसू नका. चिपवरचा तुमचा वेळ तुम्ही रेषा ओलांडल्यावरच सुरू होतो, त्यामुळं मागं उभं राहून काही तोटा नाही.

ढोल-ताशा वाजायला लागतो, हलगी कडाडते, निवेदक 'जय भवानी' म्हणतो आणि पाय आपोआप सुटतात. हाच तो क्षण. पहिले पाच किलोमीटर ठरवलेल्या वेगापेक्षा किलोमीटरमागे पंधरा-वीस सेकंद हळू पळा. अडीच तासांचं ठरवलं असेल तर सात-वीसनं. शेकडो लोक पुढं जातील, जाऊ द्या. पेसर म्हणजे हातात वेळेचा झेंडा घेऊन पळणारे लोक असतात. आपल्या वेळेच्या झेंड्याच्या थोडं मागं राहा. पाच ते पंधरा ठरलेला वेग. हा भाग कंटाळवाणा असतो आणि तसाच असला पाहिजे. तुम्हाला पंधराव्याला अजून बोलता येत असेल तर शर्यत तुमच्या हातात आहे. तिथून पुढं जे उरलं ते वापरा. मागं पडलेली माणसं एक-एक करून गाठण्यातली मजा मला तिसऱ्या शर्यतीत कळली. तिथं ईर्षा बाहेर काढली तरी चालते.

पाण्याच्या टेबलाशी चाला. ग्लासचं तोंड चिमटीत दाबून निमुळतं करा, मग नाकात जात नाही. शेवटच्या टेबलावर जागा असते, पहिल्यावर झुंबड नको. रिकामा ग्लास डब्यातच टाका, रस्त्यावरचा ओला ग्लास मागच्याला पाडतो. कुशीत कळ आली तर वेग कमी करून खोल, लांब श्वास सोडा. बऱ्याचदा मिनिटाभरात जाते. छातीत दाब, डाव्या हातात किंवा जबड्यात कळ, डोळ्यांसमोर अंधारी, घाम येणं अचानक थांबणं किंवा बोलताना गोंधळ असं काही झालं, स्वतःला किंवा शेजारच्याला, तर तिथंच थांबा आणि स्वयंसेवकाला हाक मारा. दहावा असो की विसावा किलोमीटर.

मुंबईला जाणार असाल तर

जानेवारीतल्या तिसऱ्या रविवारी होणारी मुंबई मॅरेथॉन २००४ पासून सुरू आहे. नोंदणी काही महिने आधीच भरते. तिथल्या अर्ध मॅरेथॉनचं आकर्षण म्हणजे एरवी पायी जायला बंदी असलेला वांद्रे-वरळी सागरी सेतू. मार्ग बदलू शकतो म्हणून त्या वर्षीचा नकाशा पाहा. बिब शर्यतीच्या दिवशी मिळत नाही, त्यामुळं शनिवारी दुपारपर्यंत मुंबईत असायलाच हवं. शुक्रवारी रात्रीच्या महालक्ष्मी एक्स्प्रेसनं निघालात तर शनिवारी सकाळी पोचता, बिब घेता आणि दुपारी पाय वर करून पडता. शनिवारी मुंबई बघत फिरणाऱ्याचे पाय रविवारी मुंबईतच राहतात.

कोल्हापूर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या आसपास आणि थंडीत कोरडं. मुंबईत जानेवारीतही दमटपणा असतो आणि घाम वाळत नाही. तिथं इथल्यापेक्षा किलोमीटरमागे दहा-पंधरा सेकंद हळू पळायचं मनाशी ठरवूनच जा. साताऱ्याची यवतेश्वरच्या घाटातली शर्यतही आपल्याला जवळची आणि सुंदर, पण पहिली म्हणून ती घेऊ नका.

शर्यत संपल्यावर

रेषा ओलांडून लगेच बसू नका, दहा मिनिटं चालत राहा. एकदम थांबलं की रक्त पायांत साचतं आणि चक्कर येते. ओला शर्ट बदला. तासाभरात काहीतरी खा, आणि आता मिसळ खा, कट वाढवून घ्या. संध्याकाळी गंगावेशीत दुधाच्या कट्ट्यावर पेला हातात घेऊन बसलात तर पदक गळ्यात ठेवायला हरकत नाही. तिथं कुणीतरी हमखास विचारतो, "कितवा आलास?" हजारात सहाशेवा आलो हे सांगायला धाडस लागतं.

दुसऱ्या दिवशी जिना उलटा उतरावा लागेल. मांड्या दोन-तीन दिवस बोलतात. पाच दिवस पळू नका, नुसतं चाला. सहाव्या दिवशी तीन किलोमीटर सावकाश. दोन आठवडे टेम्पो नाही. लघवी कोकमासारखी गडद झाली किंवा मांडीची सूज चार दिवसांनीही उतरत नसेल तर वाट न बघता डॉक्टरांकडं जा. पायाचं काळं पडलेलं नख ओढू नका, खालून नवं आलं की ते आपोआप पडतं. आणि त्या दोन आठवड्यांत कुठल्याही मित्राच्या नादाला लागून पूर्ण मॅरेथॉनचे पैसे भरू नका. माझा तोच गल्लीतला मित्र तिसऱ्याच दिवशी फोन करतो.